मिझुकी रानचा आवाज

पडद्यावरची फुसाए खिडकीपाशी थांबली, हळूच वळली आणि बोलली.

"तुम्ही परत याल असं मला कधी वाटलंच नव्हतं."

एवढंच वाक्य. मिसागोझा थिएटरात दाटीवाटीनं बसलेल्या माणसांनी रोखून धरलेला श्वास सोडला. मागून कुणीतरी टाळी वाजवली आणि मग अख्खं थिएटर दणाणून गेलं. ओतारू बंदरातली पोरगी, जिला सगळा जपान मिझुकी रान या नावानं ओळखत होता, ती आज पहिल्यांदा आपल्या गावच्या पडद्यावर तोंडानं बोलली होती.

तिच्या आईचे, इसोचे हात मात्र मांडीवरच राहिले.

हा आवाज फुसाएचा नव्हता. फुसाएचा आवाज जरा घोगरा, छातीतून येणारा. समुद्राच्या वाऱ्यावर ओरडत वाढलेल्या पोरींचा असतो तसा. हा बारीक होता, स्वच्छ होता, एकेक शब्द सुरीनं कापल्यासारखा. यंत्रातून आवाज थोडा बदलतो, असं थिएटरचा मालक आठवडाभर ज्याला त्याला सांगत होता. इसोनं स्वतःला तेच सांगितलं. मग पडद्यावरची ती तोक्योच्या खानदानी घरातली विधवा हसली, आणि हसता हसता शेवटी तिला अगदी लहानशी उचकी लागली.

असं हसणारी एकच बाई तिनं पाहिली होती, तिची सासू. आणि सासूचं ते हसू एकाच नातीनं उचललं होतं. मिनोनं.

मिनो त्याच रांगेत, तोकुवन्संच्या पलीकडे बसली होती. इसोची धाकटी मुलगी. चार वर्षांची असताना इसोनंच तिला मूलबाळ नसलेल्या याच नणंदेच्या ओटीत घातलं होतं, आणि ती तोक्योत वाढली, तोक्योसारखं बोलायला शिकली. इसो जरा पुढे झुकली. पडद्याच्या पांढऱ्या उजेडात तिला दिसलं, मिनोची मान खाली होती आणि तिचे ओठ हलत होते. पडद्यावरच्या बाईच्या प्रत्येक शब्दाबरोबर.

इसोनं नवऱ्याकडे पाहिलं.

तामेकिची आज प्रेक्षकांत बसला होता, हेच मुळात बघवत नव्हतं. गेली वीस वर्षं त्याची जागा पडद्याशेजारच्या छोट्या चौथऱ्यावर होती. तो बेन्शी होता. मूकपट सुरू झाला की राजापासून भिकाऱ्यापर्यंत सगळ्यांचं तोच बोलायचा, रडायचा, हसायचा. फुसाएचे मूकपट लागायचे तेव्हा तर लोक चार पैसे जास्त मोजून पुढे बसायचे, कारण पडद्यावर मुलगी आणि शेजारी उभा राहून तिच्या तोंडचं बोलणारा बाप, असं दृश्य जपानात दुसरीकडे कुठे बघायला मिळणार होतं?

मग बोलपट आले. गेल्या शरदात गावातल्या सगळ्या बेन्शींनी आणि वादकांनी संप केला. थिएटरात व्हायोलिन वाजवणारा त्यांचा मुलगा रयोसाकु संपात सगळ्यांत पुढे होता. एकटा तामेकिची कामावर जात राहिला. "माझी मुलगी बोलणार आहे," तो म्हणायचा. "तिचा आवाज गावात यायच्या वेळी मी दारात आडवा पडू?" संप फुटला. नवीन वर्षात तामेकिचीलाही मालकानं घरी बसवलं. तेव्हापासून बापलेक एका छपराखाली राहत होते आणि एकमेकांशी चकार शब्द बोलत नव्हते.

तामेकिचीनं डोळे मिटून घेतले होते. तो ऐकत होता. बराच वेळ ऐकत होता. मग त्यानं डोळे उघडले, आणि पडद्याकडे न बघता मान वळवून मिनोकडे बघितलं.

म्हणजे त्यालाही कळलं होतं.

खेळ संपल्यावर फुसाए रंगमंचावर आली. पिस्ता रंगाचा किमोनो, पांढरंफटक तोंड. शेजारी चित्रपट कंपनीचा माणूस, हिनात्सु, तिच्या कोपराला अलगद हात लावून उभा. लोक ओरडत होते, "रान, दोन शब्द बोल." तिनं वाकून नमस्कार केला, पुन्हा केला, पुन्हा केला. "प्रवासानं घसा बसलाय त्यांचा," हिनात्सु हसून म्हणाला. लोकांना त्याचंही कौतुक वाटलं.

*

चढावरच्या घरी पोचेपर्यंत दारात शेजाऱ्यांची रीघ लागली होती. इसो प्रत्येकीला वाकून धन्यवाद देत राहिली. काय बोलतेय ते तिचं तिला ऐकू येत नव्हतं. दिवेलागणीला एकदाचं दार लागलं आणि सगळे जेवायला बसले. कोळशाच्या शेगडीवर हेरिंग मासे भाजत होते. हिनात्सुला पाहुण्याच्या जागी बसवलं होतं. रयोसाकु दारालगत, बापाकडे अर्धी पाठ करून. तो दुपारी थिएटरात आलाच नव्हता. त्या दारात पाय ठेवणार नाही असं त्यानं संपाच्या वेळीच सांगून टाकलं होतं.

"दादा, तू काहीच बोलला नाहीस," तोकुवन्सं तामेकिचीच्या पेल्यात साके ओतत म्हणाल्या. "लोक कसे रडत होते बघितलंस ना? माझ्या बाजूची ती म्हातारी तर माझ्याच बाहीला डोळे पुसत होती."

तामेकिचीनं पेला उचलला नाही.

"मिनो," तो म्हणाला, "मेला समजलेला नवरा परत येतो तिथे तू श्वास चुकीच्या जागी घेतलास. 'परत'च्या आधी घ्यायला हवा होता. बाकी चांगलं बोललीस."

शेगडीवर माशाचं तेल पडून चर्र झालं.

"मिनो?" रयोसाकुनं विचारलं. "मिनो कुठून आली त्यात?"

"कुसाकाबेसाहेब," हिनात्सु मांडी सावरून बसला, "तुमचा कान फार तयार आहे, हे आम्ही ऐकून होतो. आता तुम्हाला कळलंच आहे तर बरंच झालं. पण ही गोष्ट या घराबाहेर जाता कामा नये."

"कुठली गोष्ट? कुणी मला सांगेल का?" रयोसाकु आता पुरता वळून बसला होता.

"मी कॅमेऱ्यासमोर नुसते ओठ हलवले," फुसाए म्हणाली. घरी आल्यापासूनचं तिचं हे पहिलंच वाक्य, घोगरं, बंदरावरच्या हेलातलं. "मिनो पडद्यामागे मायक्रोफोनपुढे उभी राहून बोलली. सबंध बोलपट तसाच केला."

रयोसाकु बहिणीकडे बघतच राहिला. मग त्यानं बापाकडे तोंड केलं, आणि गेल्या शरदानंतर पहिल्यांदा त्याच्याशी बोलला.

"म्हणजे बाबा, तुम्ही आमचा संप मोडलात तो नक्की कुणाच्या आवाजासाठी?"

"रयोसाकु," इसो म्हणाली.

"नाही आई, मला कळू दे. बारा बेन्शी घरी बसले. आमचं वाद्यवृंदाचं पथक रस्त्यावर आलं. माझं व्हायोलिन कपाटात पडलंय. आणि बोलली कोण, तर मिनो. तेही लपून."

तामेकिचीनं पेला बाजूला सारला. तो फुसाएकडे बघत होता. "तुझा आवाज का नको झाला त्यांना?"

"चाचणी घेतली तेव्हा सगळे हसले. दिग्दर्शक म्हणाले, ही राजवाड्यातली विधवा आहे की मासळीबाजारातली? मी तीनदा म्हणून दाखवलं. जितकं नीट बोलायला जावं तितके ते जास्त हसायला लागले."

"मग माझ्याकडे का नाही आलीस? मी आयुष्यभर दुसरं केलं काय? महिन्याभरात तुझी जीभ वळवली असती."

"आले होते."

इसोला वाटलं आपल्या ऐकण्यात चूक झाली. "कधी?"

"शरदात. चाचणीच्या दुसऱ्याच दिवशी कुणाला न सांगता गाडीत बसले. स्टेशनवरून सरळ थिएटरवर गेले, म्हटलं बाबा तिथेच असतील." फुसाए पेल्याच्या कडेवरून बोट फिरवत होती. "दाराशी दोन्ही बाजूंना संपवाले उभे होते. बाबा एकटे मधून चालत होते. कुणीतरी मासे धुतलेल्या पाण्याची बादली त्यांच्या अंगावर रिकामी केली. बाबांनी तोंड पुसलं आणि म्हणाले, माझी मुलगी बोलणार आहे. नि आत गेले. मी कोपऱ्यावर उभी होते. मग कुठल्या तोंडानं पुढे येऊ? तशीच परतीच्या गाडीत बसले."

इसो नवऱ्याकडे बघत राहिली. तो दिवस तिला लख्ख आठवत होता. अंगावरच्या ओल्या कपड्यांनी घरी आला होता. धक्क्यावर पाय घसरला म्हणाला होता. तिनं ते कपडे दोन पाण्यांतून काढले, तरी वास गेला नव्हता, आणि तिनं त्याला एका शब्दानं विचारलं नव्हतं.

"पाणी मी नव्हतं टाकलं," रयोसाकु म्हणाला.

"माहीत आहे मला," फुसाए म्हणाली. "ज्यानं टाकलं त्याच्या शेजारी तू उभा होतास. त्याचा हात धरला असतास तर धरता आला असता."

"आता उकरून काय उपयोग?" तोकुवन्सं म्हणाल्या. "झालं ते झालं. पुढचं बघायला हवं. मी कंपनीला शब्द दिलाय. मिनो यापुढे फुसाएबरोबरच राहील. तिचे पुढचे सगळे बोलपट मिनोच बोलेल. घरातली गोष्ट घरात राहिली, यात वाईट काय आहे?"

"मिनोला विचारलंत, वन्सं?"

"मी आई आहे तिची."

यावर बोलायचा हक्क तिनं फार पूर्वी स्वतःच सोडला होता.

"विचारलं होतं, मामी," मिनो म्हणाली. पोटच्या पोरीच्या तोंडचं ते 'मामी' इसोला आजवर अंगवळणी पडलं नव्हतं. "मी लगेच हो म्हणाले. मला काम हवं होतं. माझ्या गालावरच्या देवीच्या व्रणांमुळे कॅमेरा मला नको म्हणतो. त्यांना माझा चेहरा नको, ताईचा आवाज नको. मग दोघींची मिळून एक बाई केली त्यांनी." ती हसली, पण ते हसू शेवटपर्यंत गेलं नाही. "थिएटरात लोक रडत होते ना, तेव्हा मला उठून सांगावंसं वाटत होतं. मी माझी बाही तोंडात धरून बसले."

"पण तसं करून चालणार नाही," हिनात्सु शांतपणे म्हणाला. "मिझुकी रान म्हणजे एकच बाई. लोक तिच्यावर जीव टाकतात. त्यांना फसवलं गेल्यासारखं वाटलं तर सगळंच बुडेल. ताईंचं, धाकट्या ताईंचं, आमचंही."

"म्हणजे उद्याच्या खेळालाही तिनं मुकंच उभं राहायचं," इसो म्हणाली.

"उद्या. मग साप्पोरोला. मग हाकोदातेला."

"आणि गाडीत कुणी ओळख काढून बोलायला आलं तर? दुकानात?"

हिनात्सुनं स्वतःच्या गळ्याला बोट लावलं. "घसा," तो म्हणाला. "घसा नाजूक आहे, असं सांगता येईल."

इसोनं फुसाएकडे बघितलं. आठ वर्षांपूर्वी ही पोर घरातून निघाली तेव्हा सबंध आळीला तिची बडबड नकोशी व्हायची. आता ती भिंतीकडे बघत होती, जणू दुसऱ्याच कुणाबद्दल चाललंय.

तामेकिची उठला. "मी उद्या येणार नाही," तो म्हणाला.

"बाबा, या," फुसाए म्हणाली. "उद्याचा एकच दिवस. मी परत मागणार नाही."

तो आतल्या खोलीत गेला. दार सरकवल्याचा आवाज आला. त्यानंतर ताटातला मासा कुणी मोडला नाही, फक्त हिनात्सुनं आपला पुरा खाल्ला.

*

दुसऱ्या दिवशी दुपारच्या खेळाला बाहेरगावचीही माणसं आली होती. बोटींवरून उतरून तशीच आलेली, अंगाला मासळीचा वास. मधल्या वाटेवरही लोक बसले होते. हिनात्सुनं या वेळी नमस्काराचा कार्यक्रम खेळाच्या आधीच ठेवला होता. खेळ संपल्यावर लोक फार आग्रह करतात, हे त्याला काल कळलं होतं.

सकाळी इसोनं फुसाएचा कमरपट्टा बांधला होता. पाठीमागे गाठ आवळताना तिनं विचारलं, "जड जातंय का?" फुसाए म्हणाली, "नाही, अजून घट्ट कर." त्यापलीकडे दोघींत काहीच बोलणं झालं नव्हतं. म्हणून पुढे जे झालं त्याची इसोला कसलीच कल्पना नव्हती.

तामेकिची आला होता. अगदी मागे भिंतीला टेकून उभा होता. आणि त्याच्यापासून हातभर अंतरावर रयोसाकु. त्या दारातून तो आत आला, ते इसोनंही पाहिलं आणि दारावरच्या माणसानंही.

हिनात्सुनं गोड शब्दांत चार वाक्यं बोलून घेतली. फुसाए पुढे आली, वाकली. लोकांनी टाळ्या वाजवल्या. त्या थांबल्यावर तिनं मागे सरायचं होतं. ती सरली नाही.

"मी फुसाए," ती म्हणाली. "कुसाकाबे तामेकिचींची थोरली."

तो हेल ऐकून लोक खूश झाले. पुढच्या रांगेत हशा पिकला, कुणीतरी म्हणालं, "घसा मोकळा झाला हो."

"आता तुम्हाला जी बाई दिसेल तिचा चेहरा माझा आहे. आवाज माझा नाही. माझं बोलणं त्या बाईला शोभत नाही असं ठरलं, आणि मी ते मान्य केलं. आवाज माझ्या धाकट्या बहिणीचा आहे. तिचं नाव मिनो. ती तिथे बसलीय, निळ्या किमोनोत."

हिनात्सु तिच्या दिशेनं निघाला आणि मध्येच थांबला. एवढ्या माणसांदेखत तिचं तोंड कसं बंद करणार? त्याचा चेहरा कागदासारखा झाला होता. तोकुवन्संनी मिनोचा हात गच्च धरला.

"माझे वडील इथे उभे राहून माझ्यासाठी बोलायचे," फुसाए म्हणाली. "तेव्हा तुम्हाला सगळ्यांना दिसायचं कोण बोलतंय. त्यात लाज वाटण्यासारखं काही नव्हतं. मिनो कुणाला दिसत नाही, तिचं नाव कुठे लिहिलेलं नाही. मला ते सहन होईना. एवढंच सांगायचं होतं."

थिएटरात बाहेरच्या गटारातून वितळलेल्या बर्फाचं पाणी वाहतंय ते ऐकू येऊ लागलं. इसोला वाटलं, आता लोक उठतील, काहीतरी फेकतील. तिनं डोळे मिटून घेतले.

मग मधून एक माणूस उठला. पूर्वी शेजारच्या थिएटरात बेन्शी होता, संपात होता. "मग तो आवाज बंद करा," तो म्हणाला. "तामेकिचींना पुढे येऊ द्या. ते बोलतील."

एकाचे दहा झाले, दहाचे शंभर. तामेकिची, तामेकिची असा गजर सुरू झाला. मालकानं घाबरून वर यंत्राच्या खोलीकडे आवाज बंद ठेवायची खूण केली. लोकांनी वाट करून दिली आणि तामेकिची पुढे निघाला. रयोसाकु त्याच्या मागोमाग, गर्दीत बापाला धक्का लागू नये म्हणून हात आडवा धरून. इसोला वाटलं, हेच तर हवं होतं याला. आता हा बोलेल आणि सगळं पहिल्यासारखं होईल.

तामेकिची पडद्यापाशी पोचला, लोकांकडे वळला. चौथरा कधीच काढून टाकला होता. तो जमिनीवरच उभा राहिला.

"आवाज बंद करायचा नाही," तो म्हणाला.

लोक चमकले. इसोसुद्धा.

"या पोरीनं महिनोन्महिने अंधारात उभं राहून काम केलंय. आज नाव कळलंय तर तिला नीट ऐका. मीही ऐकणार आहे. माझं बोलून झालंय."

तो रांगांकडे आला आणि मिनोच्या पुढ्यात, जमिनीवर मांडी घालून बसला. रयोसाकु त्याच्या बाजूला टेकला. दिवे गेले.

पहिलं वाक्य आलं तेव्हा पडद्याकडे कुणीच बघत नव्हतं. सगळ्या माना मिनोकडे वळल्या होत्या. मिनोनं दोन्ही हातांनी चेहरा झाकून घेतला, आणि मग हळूहळू हात खाली घेतले.

अंधारात कुणीतरी इसोच्या शेजारी येऊन बसलं. फुसाए होती. इसोनं आपली शाल तिच्या खांद्यावरून ओढून घेतली.

"तो माणूस काय म्हणाला?"

"मिझुकी रान संपली म्हणाला. साप्पोरोचा खेळ रद्द करण्यासाठी फोन करायला गेलाय."

"आणि तू काय म्हणालीस?"

"काही सुचलंच नाही, आई. मला वाटलं होतं मी दोनच शब्द बोलीन. एवढं सगळं कुठून आलं माझं मलाच कळलं नाही."

हिनात्सुचं म्हणणं खरं झालं. उन्हाळा लागायच्या आत कंपनीनं फुसाएला कामावरून काढलं, आणि मिझुकी रान हे नाव त्यानंतर कुठल्याच जाहिरातीवर आलं नाही. मिनोला रेडिओवर काम मिळालं, स्वतःच्या नावानं. तोकुवन्सं सहा महिने भावाच्या घरी फिरकल्या नाहीत. पण ते पुढचं. त्या दुपारी दिवे लागले तेव्हा यातलं कुणालाच काही माहीत नव्हतं, आणि उठून जाण्याची घाईही कुणाला नव्हती.

बंदरावर मासे साफ करणारी एक पोक्त बाई रांगा ओलांडत आली. आधी तिनं मिनोचे दोन्ही हात आपल्या भेगाळलेल्या हातांत घेतले आणि डोळ्यांना लावले. मग ती फुसाएपाशी येऊन उभी राहिली, तिला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं.

"पोरी, तू आता बोललीस तसं बोलणारी बाई कुठल्या बोलपटात असते गं? मी ती बघायला जाईन."

फुसाएनं डोळे पुसले.

"अजून तरी कुठल्याच नाही, मावशी," ती म्हणाली.